चित्रे तीच, पुस्तके निराळी

दृक्प्रत्ययवाद, म्हणजेच इम्प्रेशनिझम, ही एकोणिसाव्या शतकाच्या उत्तरार्धात पॅरिसमध्ये आकाराला आलेली चित्रचळवळ. १८७४ ते १८८६ या बारा वर्षांत या चित्रकारांची आठ प्रदर्शने झाली आणि मग ज्याने त्याने आपली वाट धरली. चळवळीचे आयुष्य एवढेच. तिच्यावरच्या पुस्तकांचे आयुष्य मात्र दीडशे वर्षांचे आहे आणि ते अजून सरलेले नाही. आधुनिक कला मोनेपासून सुरू होते, सेझानमार्गे पिकासोकडे जाते आणि तिथून अमूर्त चित्रापर्यंत पोहोचते, हा क्रम आज कलेच्या कोणत्याही प्राथमिक पुस्तकात सापडतो. हा क्रम पुस्तकांनी लावला. प्रत्येक पिढीने त्याच चित्रांना नवा प्रश्न विचारला आणि तिला नवे उत्तर मिळाले. म्हणून या पुस्तकांचा इतिहास हा आधुनिक कला पाहायला शिकण्याचाही इतिहास आहे.

नावाआधीची गोष्ट

त्या काळी फ्रान्समध्ये चित्रकाराचे नशीब एका जागी ठरत असे. ती जागा म्हणजे ‘सलाँ’ हे सरकारी प्रदर्शन. कलाअकादमीच्या वळणाचे परीक्षक मंडळ चित्रे निवडी. पुराणकथा, इतिहास आणि धर्म हे मोठे विषय; निसर्गचित्र आणि रोजचे जगणे हे धाकटे. रंग असा गुळगुळीत लावायचा की कुंचल्याची खूण दिसता कामा नये, अशी अपेक्षा. १८६३ साली नाकारलेल्या चित्रांची संख्या इतकी झाली की तिसऱ्या नेपोलियनने त्यांचे वेगळे प्रदर्शन भरवण्याची परवानगी दिली. ‘नाकारलेल्यांचे सलाँ’ या नावाने ते इतिहासात गेले. एद्वार माने याचे ‘गवतावरील न्याहारी’ हे चित्र तिथेच गाजले.

बदल फक्त विचारांत झाला नव्हता, साधनांतही झाला होता. जॉन गॉफ रँड या अमेरिकन चित्रकाराने १८४१ मध्ये रंगासाठी दाबता येणाऱ्या धातूच्या ट्यूबचे पेटंट घेतले. तोवर रंग घोटून डुकराच्या मूत्राशयाच्या पिशवीत बांधून ठेवावा लागे. ती एकदा टोचली की रंग वाळायला लागे. ट्यूब आल्यावर चित्रकार रंगांची पेटी घेऊन नदीकाठी जाऊ लागला. रसायनशास्त्राने प्रखर निळे, पिवळे आणि हिरवे रंग दिले. आगगाडीने पॅरिसचा माणूस रविवारी सेन नदीच्या काठच्या गावांत नेऊन सोडला. बॅरन ओस्मान याने जुन्या गल्ल्या पाडून रुंद रस्ते काढले आणि शहरच नवे केले. नव्या शहराला नवी चित्रे हवी होती.

१५ एप्रिल १८७४ रोजी पॅरिसच्या बुलेव्हार दे काप्युसीन या रस्त्यावर ३५ क्रमांकाच्या इमारतीत, नादार या छायाचित्रकाराच्या जुन्या स्टुडिओत, सुमारे तीस कलावंतांनी सलाँला बाजूला सारून स्वतःचे प्रदर्शन मांडले. ते महिनाभर चालले आणि साडेतीन हजारांच्या आसपास लोकांनी ते पाहिले. त्यात क्लोद मोनेचे ४८ सेंटिमीटर उंचीचे आणि ६३ सेंटिमीटर रुंदीचे एक लहान चित्र होते. ल आव्र बंदरातली सकाळ, धुक्यात बुडालेल्या डोलकाठ्या आणि धुराडी, होड्यांचे काळसर आकार, नारिंगी सूर्य आणि पाण्यावर त्याच रंगाचे मोजके फटकारे. मोनेने त्याला ‘ठसा, सूर्योदय’ अशा अर्थाचे फ्रेंच नाव दिले. २५ एप्रिलला ‘ल शारिवारी’ या विनोदी नियतकालिकात लुई लरुआ याने त्यातला ‘इम्प्रेशन’ हा शब्द उचलून सगळ्या गटाची टर उडवली. भिंतीला चिकटवायचा कागदसुद्धा याहून पुरा झालेला असतो, असा त्याच्या थट्टेचा सूर होता. टिंगलीचे ते नाव चळवळीला कायमचे चिकटले. मराठीतली ‘दृक्प्रत्ययवाद’ ही संज्ञा ठशापेक्षा डोळ्याला येणाऱ्या प्रत्ययावर भर देते आणि चळवळीच्या गाभ्याच्या अधिक जवळ जाते.

समकालीनांच्या पुस्तिका

पहिली पुस्तके जाड नव्हती. दुसऱ्या प्रदर्शनाच्या वेळी, १८७६ मध्ये, एदमों द्युरांती याने ‘नवी चित्रकला’ या अर्थाच्या नावाची पुस्तिका काढली. द्युरांती हा गटातल्या देगा या चित्रकाराच्या जवळचा. त्याचा भर प्रकाशाइतकाच माणसावर होता. पाठमोऱ्या माणसाच्या नुसत्या पाठीवरून त्याचे वय, स्वभाव आणि समाजातली जागा कळली पाहिजे, असे त्याचे म्हणणे. दोन वर्षांनी, १८७८ मध्ये, तेओदोर द्युरे याने ‘दृक्प्रत्ययवादी चित्रकार’ ही पुस्तिका लिहिली आणि मोने, सिस्ले, पिसारो, रेन्वार आणि बर्थ मोरिझो या पाच जणांना गटाचा गाभा ठरवले. द्युरे काही वर्षांपूर्वी आशियाचा प्रवास करून आला होता. जपान, चीन, जावा, श्रीलंका आणि भारत त्याने पाहिला होता. जपानी छापचित्रांतल्या उजळ, सपाट रंगांनी युरोपीय डोळ्याला धीट केले, हे त्याने आवर्जून मांडले. पुढे प्रत्येक इतिहासकाराने हा दुवा जपला.

कादंबरीनेही या विषयाला हात घातला. एमिल झोला हा सेझानचा बालमित्र. त्याने १८८६ साली लिहिलेल्या कादंबरीचा नायक क्लोद लांतिए हा मोठ्या चित्राच्या ध्यासापायी उद्ध्वस्त होणारा चित्रकार. या कादंबरीमुळे दोघांची मैत्री तुटली, असे अनेक पुस्तकांनी ठामपणे लिहिले. नोव्हेंबर १८८७ मधले सेझानचे झोलाला लिहिलेले पत्र अलीकडे उजेडात आले आणि कादंबरीनंतरही दोघांचा पत्रव्यवहार होता हे स्पष्ट झाले. एका कागदाने शंभर वर्षांची समजूत बदलू शकते, याचे हे बोलके उदाहरण.

शतक संपताना चित्रकारच इतिहास लिहू लागले. १८८६ च्या आठव्या आणि शेवटच्या प्रदर्शनात जॉर्ज स्युराचे ‘ला ग्रांद जात बेटावरील रविवारची दुपार’ हे भलेमोठे चित्र आले. त्यात रंग पॅलेटवर मिसळलेले नाहीत. शुद्ध रंगांचे बारीक ठिपके शेजारी शेजारी ठेवले आहेत आणि त्यांचा मेळ पाहणाऱ्याच्या डोळ्यात बसतो. यामागे मिशेल शेव्ह्रल या रसायनशास्त्रज्ञाचा १८३९ चा ग्रंथ होता. शेव्ह्रल हा गोबलँ या गालिचे आणि भिंतपडदे विणणाऱ्या सरकारी कारखान्यात रंगाईचा प्रमुख. धाग्याचा रंग फिका पडतो अशी तक्रार आली, तेव्हा त्याला उमगले की दोष धाग्यात नसून त्याच्या शेजारच्या धाग्यात आहे. शेजारी असलेले दोन रंग एकमेकांचे रूप बदलतात. स्युराचा मित्र पॉल सिन्याक याने १८९९ मध्ये पुस्तक लिहून आधीच्या पिढीचा चित्रकार दलाक्र्वा, दृक्प्रत्ययवादी आणि ठिपक्यांनी रंगवणारे नवे चित्रकार अशी वंशावळ मांडली. एका पिढीने पुढच्या पिढीला जन्म दिला, ही कल्पना इथून बळकट झाली.

प्रकाशाकडून रचनेकडे

विसाव्या शतकाच्या आरंभी प्रश्न बदलला. सूर्यप्रकाश कसा रंगवला यापेक्षा चित्र उभे कशावर राहते, हे लोक विचारू लागले. जर्मन समीक्षक युलिउस मायर-ग्रेफ याने १९०४ मध्ये आधुनिक कलेच्या विकासाचा तीन खंडी इतिहास लिहिला. ‘विकास’ हा शब्द कलेला लावताना त्याने देशांच्या सीमा पुसल्या आणि फ्रेंच चित्रकारांना साऱ्या युरोपच्या कथेत मध्यभागी आणले.

इंग्रजी वाचकांसाठी हे काम रॉजर फ्राय याने केले. १९१० च्या नोव्हेंबरमध्ये लंडनच्या ग्राफ्टन गॅलरीत त्याने माने, सेझान, गोगँ आणि व्हॅन गॉग यांच्या चित्रांचे प्रदर्शन भरवले. त्याला नाव हवे होते म्हणून ‘पोस्ट-इम्प्रेशनिस्ट’ हा शब्द पुढे आला. मराठीत तो उत्तर-दृक्प्रत्ययवाद झाला. लंडनच्या प्रेक्षकांना ते प्रदर्शन वेडेपणाचे वाटले. फ्रायचे १९२७ मधले सेझानवरचे छोटे पुस्तक आजही वाचावे असे आहे. लेनर्ड आणि व्हर्जिनिया वुल्फ यांच्या होगार्थ प्रेसने ते काढले. सफरचंद, टेबलाची कड, कापडाची घडी यांकडे फ्राय इतक्या सावकाश पाहतो की सेझानने एका फळाची गोलाई सावलीने न दाखवता रंगाच्या छोट्या छोट्या पट्ट्यांनी कशी वळवत नेली, हे वाचकाला दिसू लागते. मोनेने क्षण पकडला. सेझानला त्या क्षणाला टिकाऊ बांधणी द्यायची होती. सेझान १९०६ मध्ये वारला. पुढच्याच वर्षी पॅरिसमध्ये त्याच्या चित्रांचे मोठे प्रदर्शन झाले आणि पिकासो व ब्राक यांच्या घनवादाला, म्हणजे क्युबिझमला, तिथून आधार मिळाला.

दुसरी वाट रंगाची. वासिली कान्डिन्स्कीने १९१३ मध्ये छापलेल्या आठवणींत लिहिले आहे की १८९६ च्या सुमारास मॉस्कोत त्याने मोनेचे गवताच्या गंजीचे चित्र पाहिले आणि ती गंजी आहे हे त्याला सूचीत वाचल्यावरच कळले. वस्तू ओळखू आली नाही, तरी चित्राने मनाची पकड घेतली. अमूर्त चित्राच्या जनकांपैकी एकाला चित्रात वस्तू अनिवार्य नाही हे जाणवले ते मोनेसमोर.

या दोन्ही वाटा एकाच कागदावर आणल्या आल्फ्रेड बार याने. न्यूयॉर्कच्या ‘म्युझियम ऑफ मॉडर्न आर्ट’चा हा पहिला संचालक. १९३६ मधल्या ‘क्युबिझम अँड अॅबस्ट्रॅक्ट आर्ट’ या पुस्तकाच्या वेष्टनावर त्याने बाणांचा तक्ता छापला. वर सेझान, स्युरा, गोगँ, व्हॅन गॉग आणि जपानी छापचित्रे. बाण खाली उतरत उतरत दोन प्रकारच्या अमूर्त कलेपाशी थांबतात, एक भौमितिक आणि दुसरी भूमितीच्या बंधनाबाहेरची. रेल्वेच्या नकाशासारखा हा तक्ता पाठ करायला सोपा होता, म्हणून तो जगभरच्या कलाशाळांत पोहोचला. त्याची उणीवही तीच. नकाशात नसलेली गावे प्रवाशाला दिसत नाहीत, तशा युरोपबाहेरच्या आधुनिक कला आणि मुख्य मार्गावर न बसणारे चित्रकार त्यातून गळाले.

कागदपत्रांचा माणूस

दृक्प्रत्ययवादाचा सर्वांत विश्वासाचा इतिहास लिहिला जॉन रिवॉल्ड याने. १९१२ साली बर्लिनमध्ये जन्मलेल्या रिवॉल्डने पॅरिसमध्ये सेझान आणि झोला यांच्यावर प्रबंध केला, सेझानची पत्रे संपादित करून १९३७ मध्ये छापली आणि युद्धाच्या धामधुमीत, १९४१ मध्ये, अमेरिका गाठली. पिसारोची मुलाला लिहिलेली पत्रे त्याने १९४३ मध्ये काढली. १९४६ मध्ये ‘द हिस्टरी ऑफ इम्प्रेशनिझम’ आले आणि दहा वर्षांनी उत्तर-दृक्प्रत्ययवादावरचा जोडखंड.

रिवॉल्डची पद्धत बखरीची नव्हे, रोजनिशीची. कोणत्या महिन्यात कोण कुठे होते, कोणाच्या खिशात किती पैसे होते, कोणत्या वर्तमानपत्राने काय लिहिले, हे सारे पत्रे, हिशेब आणि परीक्षणे यांच्या आधारे तो वर्षवार मांडतो. चित्रकाराने जिथे उभे राहून चित्र काढले ती जागा शोधून तो तिचे छायाचित्र काढी आणि चित्राशेजारी ठेवी. सेझानने डोंगर कुठे जवळ ओढला, झाड कुठे गाळले, हे वाचक स्वतः ताडून पाहू शकतो. त्याचे हे वेड कागदापुरते राहिले नाही. एक्स-आँ-प्रोव्हान्स इथला सेझानचा शेवटचा स्टुडिओ पन्नाशीच्या दशकात वाचला, त्यात रिवॉल्डचा मोठा वाटा होता.

या पुस्तकाला मर्यादा आहे. त्यात नायक ठरलेले आहेत आणि सलाँ खलनायक. १८७४ च्या प्रदर्शनातल्या तीसेक जणांपैकी बहुतेकांची नावे मागे पडली. १९८६ मध्ये वॉशिंग्टन आणि सॅन फ्रान्सिस्को इथे भरलेल्या प्रदर्शनाच्या ‘द न्यू पेंटिंग’ या ग्रंथाने आठही प्रदर्शने पुन्हा उभी केली आणि विसरलेल्यांना परत जागा दिली. २०२४ मध्ये दीडशे वर्षे पूर्ण झाली, तेव्हा पॅरिसच्या ऑर्से संग्रहालयाने १८७४ च्या प्रदर्शनातली आणि त्याच वर्षीच्या सलाँमधली चित्रे एकत्र मांडली. बंडखोर आणि प्रस्थापित यांच्यातली भिंत वाटत होती तेवढी जाड नव्हती, हे त्या मांडणीतून दिसले.

पैसा, शहर आणि बाई

चित्र विकले कोणी, हा प्रश्न हॅरिसन आणि सिंथिया व्हाइट या समाजशास्त्रज्ञ दांपत्याने १९६५ च्या ‘कॅन्व्हसेस अँड करिअर्स’ या पुस्तकात विचारला. चित्रकारांची संख्या वाढली, सलाँची एकच खिडकी सगळ्यांना पुरेना आणि तिच्या जागी चित्रविक्रेता व समीक्षक अशी नवी जोडी आली, असे त्यांचे विवेचन. पॉल द्युराँ-र्युएल हा तो विक्रेता. त्याने एका चित्रावर नव्हे, तर चित्रकाराच्या साऱ्या कारकिर्दीवर पैसा लावला, स्वतः कर्जात बुडाला आणि १८८६ मध्ये सुमारे तीनशे चित्रे घेऊन न्यूयॉर्कला गेला. अमेरिकन संग्राहकांनी ती चित्रे घेतली आणि सगळे तरले.

टी. जे. क्लार्क याच्या १९८५ च्या ‘द पेंटिंग ऑफ मॉडर्न लाइफ’ने तर या चित्रांवरचे गोड आवरणच काढले. मानेचे १८८२ मधले ‘फोली-बर्जेरमधला बार’ हे चित्र त्याच्या विवेचनाच्या केंद्राशी आहे. संगमरवरी काउंटरमागे एक तरुणी उभी आहे. समोर शॅम्पेन, लाल त्रिकोणाच्या चिठ्ठीच्या बीअरच्या बाटल्या, काचेच्या भांड्यात संत्री. मागे भला मोठा आरसा आणि त्यात दिव्यांनी भरलेले सभागृह. डाव्या कोपऱ्यात वर झोक्यावरच्या कसरतपटूची हिरवे बूट घातलेली पावले. तरुणी समोर पाहते आहे, पण आरशात तिची पाठ उजवीकडे सरकलेली आणि कोणा पुरुषाशी बोलायला वाकलेली. तो पुरुष चित्राबाहेर, पाहणारा उभा असतो त्या जागी असायला हवा. क्लार्कच्या मते ही चूक नव्हे. जिथे बाटल्यांबरोबर माणसेही विक्रीला आहेत की काय, अशी शंका येत राहते, त्या जागेत कोण कोणाकडे कशा नात्याने पाहतो हे ठरतच नाही, आणि आरशाने तेच दाखवले आहे. मुलीच्या चेहऱ्यावरची कोरी शांतता त्या जगण्याचा मुखवटा आहे. रॉबर्ट हर्बर्ट याने १९८८ मध्ये याच दिशेने पुढे जाऊन होड्या, शर्यती, नाचाच्या बागा आणि समुद्रकिनारे यांतून नव्या मध्यमवर्गाच्या सुट्टीचा इतिहास वाचला.

त्याच वर्षी ग्रिझेल्डा पोलॉक हिने विचारले, की कॅफे, रंगमंचामागची बाजू आणि बार इथे जाणे सभ्य घरच्या बाईला शक्यच नव्हते, तर ‘आधुनिक जीवन’ म्हणजे केवळ पुरुषांनी पाहिलेले जीवन का? बर्थ मोरिझो आठपैकी सात प्रदर्शनांत होती; जे चुकले ते मुलीच्या जन्मानंतरचे. मेरी कसॅट ही अमेरिकन चित्रकर्तीही गटात होती. त्यांची चित्रे दिवाणखाना, पाळणा, बाग आणि सज्जा इथे घडतात. मोरिझोच्या सज्जाच्या चित्रात बाई आणि लहान मुलगी कठड्याशी उभ्या आहेत आणि पलीकडे सारे पॅरिस पसरले आहे. पोलॉक त्या कठड्याकडे बोट दाखवते: शहर दिसते, पण मध्ये आडवी रेघ आहे. पॅरिसच्या सरकारी कलाशाळेने मुलींना १८९७ मध्ये दार उघडले, हे ध्यानात घेतले की त्या रेघेचे वजन कळते.

डोळा काय करतो

अर्न्स्ट गोम्ब्रिख याच्या १९५० च्या ‘द स्टोरी ऑफ आर्ट’ने सामान्य वाचकाला हा सारा प्रवास सोप्या भाषेत सांगितला आणि १९६० च्या ‘आर्ट अँड इल्यूजन’मध्ये तो पाहणाऱ्याकडे वळला. फटकाऱ्यांतून होडी आणि पाणी जुळवण्याचे निम्मे काम प्रेक्षक करतो, हा त्याचा मुद्दा. मार्गारेट लिव्हिंगस्टन या मेंदूशास्त्रज्ञ बाईंनी २००२ च्या ‘व्हिजन अँड आर्ट’मध्ये वाचकाला मोनेच्या ‘ठसा, सूर्योदय’कडे परत नेले. चित्रातला नारिंगी सूर्य आणि भोवतीचे करडे आकाश यांचा उजेड जवळजवळ सारखा आहे. मोबाइलमध्ये या चित्राचे रंग काढून टाकून ते कृष्णधवल केले की सूर्य जवळपास नाहीसा होतो. मेंदूचा जो भाग वस्तू नेमकी कुठे आहे हे ठरवतो, त्याला रंग कळत नाही, फक्त उजेडाचा फरक कळतो. त्याला तिथे सूर्य सापडत नाही. रंग ओळखणाऱ्या भागाला मात्र तो ठळक दिसतो. या ओढाताणीतून तो सूर्य थरथरल्यासारखा भासतो. लरुआला जे अर्धवट वाटले होते, ते डोळ्याच्या घडणीशी इतके नेमके जुळलेले होते.

मुंबईपर्यंत

या पुस्तकांची वाट मुंबईलाही आली. १९३० आणि ४० च्या दशकांत इथल्या तरुण चित्रकारांना मूळ कॅनव्हास पाहायला मिळणे अशक्यच होते. पाश्चात्त्य आधुनिक कला त्यांच्यापर्यंत पोहोचली ती छापील रंगचित्रांतून. नाझींच्या छळातून सुटून मुंबईत आलेले चित्रकार वॉल्टर लँगहॅमर आणि समीक्षक रूडी फॉन लायडन यांनी ती दारे उघडली. १९४७ च्या प्रोग्रेसिव्ह आर्टिस्ट्स ग्रुपमधले सूझा, आरा, रझा, हुसेन, गाडे आणि बाकरे याच वातावरणात घडले. १९४८ मध्ये काश्मीरमध्ये छायाचित्रकार कार्तिए-ब्रेसाँ यांनी रझांना, चित्रांत रंग आहे पण बांधणी नाही, सेझानचा अभ्यास करा, असे सांगितले. दोन वर्षांनी रझा पॅरिसला गेले. फ्रायने सेझानमध्ये जे वाचले होते, तेच इथे एका भारतीय चित्रकाराचे काम ठरले.

मराठीत मराठी विश्वकोशातली दृक्प्रत्ययवादावरची नोंद ही या विषयाची सर्वांत हाताशी असलेली पायरी. माधुरी पुरंदरे यांचे ‘पिकासो’ पुढच्या पिढीची गोष्ट सांगते आणि प्रभाकर बरवे यांचे ‘कोरा कॅनव्हास’ चित्रकार आतून कसा पाहतो हे दाखवते. इंग्रजी वाचणाऱ्याने गोम्ब्रिखपासून सुरुवात करावी, मग रिवॉल्ड घ्यावा आणि त्याच्या पाठोपाठ क्लार्क आणि पोलॉक. हा क्रम महत्त्वाचा आहे, कारण प्रत्येक पुस्तक आधीच्याने न विचारलेला प्रश्न विचारते. आणि वाचताना चित्र शेजारी उघडे असावे: आधी लांबून, मग कुंचल्याचा फटकारा दिसेल इतक्या जवळून.